लांब कॉर्सेट, १८१० सालच्या घडणीचे : सात महिन्यांच्या वापरानंतर

ब्रिटनमध्ये रीजन्सी काळातील, म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीची, समूहनृत्ये त्या काळच्याच पोशाखात करणारी मंडळे आहेत आणि त्यांतील एका मंडळात मी गेली काही वर्षे जात आहे. या हौसेपायी मी जे कपडे शिवून घेतले, त्यांपैकी सर्वांत अधिक पैसे ज्यावर खर्च झाले ते वस्त्र कोणाच्याही नजरेस पडत नाही. ते म्हणजे इंग्लंडमध्ये एकटीने काम करणाऱ्या एका शिवणकर्तीकडून मापाने करून घेतलेले, १८१० सालाच्या आसपासच्या घडणीचे लांब कॉर्सेट, म्हणजे झग्याखाली घालायचे, नाडीने अंगाला घट्ट बसवायचे आतले वस्त्र. त्या काळच्या इंग्रजीत या वस्त्राला ‘स्टेज’ म्हणत आणि ‘कॉर्सेट’ हा फ्रेंच शब्द तेथे नुकताच रुळू लागला होता. मराठीत मात्र ‘स्टेज’ म्हटले की रंगमंचच डोळ्यांसमोर येतो, म्हणून मी येथे कॉर्सेटच म्हणणार आहे.

यापूर्वी मी एक तयार कॉर्सेट घेतले होते. त्यावर ‘रीजन्सी’ असे छापलेले होते, पण समोर धातूच्या आकड्यांची दोन पट्ट्यांची पकड होती आणि कंबर चांगलीच आत घेतलेली होती. ही समोरून उघडणारी पकड फ्रान्समध्ये १८२९ साली पेटंट झाली आणि सर्रास वापरात आली ती शतकाच्या मध्याच्या सुमारास. म्हणजे मला विकले गेले ते व्हिक्टोरियन वस्त्र होते. केवळ इतिहासाची चूक असती तर मी ती पोटात घातली असती. अडचण अशी झाली की, ज्या झग्याची कंबर थेट वक्षाखाली बसते, त्या झग्याखाली माझी खरी कंबर विनाकारण आवळली जात होती आणि जेथे आधार हवा तेथे काहीच नव्हते. परिणामी झग्याचा वरचा पट्टा वक्षाखाली बसण्याऐवजी वक्षावरच चढून बसला आणि संपूर्ण संध्याकाळ मी तो खाली ओढत राहिले.

नव्या शिवणकर्तीने मापे मागितली तेव्हाच मला जाणवले की या बाईंना वस्त्राचे मर्म कळलेले आहे, कारण त्यांच्या यादीत कंबरेचे माप अगदी शेवटी होते. त्यांना हवे होते ते वक्षाच्या खालच्या घडीपासून मध्यबिंदूपर्यंतचे अंतर, आणि तेही वक्ष हाताने वर उचलून धरल्यावर. काखेपासून नितंबाच्या सर्वांत रुंद भागापर्यंतची लांबी. आणि खुर्चीत ताठ बसल्यावर छातीच्या मध्यापासून मांडीच्या घडीपर्यंतचे अंतर. मापांनंतर त्यांनी साध्या सुती कापडाचा एक कच्चा नमुना टपालाने पाठवला, तो अंगावर चढवून काढलेली छायाचित्रे मागितली आणि ती पाहून वक्षाच्या कळ्या, म्हणजे गोलाईला जागा देणारे त्रिकोणी तुकडे, दोन्ही बाजूंना जवळजवळ बोटभर रुंद केल्या. हा कच्चा नमुना मागवण्याचा पर्याय त्यांच्याकडे ऐच्छिक असून त्याचे ४० पौंड वेगळे पडतात. ते वाचवण्याचा मोह कोणालाही होईल, पण या वस्त्राचा बसवा संपूर्णपणे त्या कळ्यांवर अवलंबून असतो आणि कळी अरुंद राहिली तर मागची नाडी कितीही ओढली तरी वक्ष वर येत नाही, उलट सपाट दाबला जातो.

हे नीट समजण्यासाठी १७९० ते १८१० या दोन दशकांत काय बदलले ते पाहावे लागते. अठराव्या शतकातील कॉर्सेट हा शंकूसारखा ताठ साचा असे. त्यात देवमाशाच्या तोंडातील लवचीक पट्ट्या अगदी दाटीवाटीने शिवलेल्या असत आणि वक्ष एकसंध उंचावून सपाट केला जाई. (त्या पट्ट्यांना इंग्रजीत देवमाशाचे हाड म्हणतात, पण ते हाड नव्हे, आपल्या नखांच्या जातीचाच तो पदार्थ आहे.) १७९० च्या दशकात कंबर वर सरकली, जाड रेशमाची जागा पातळ मलमलीने घेतली आणि तो साचा निरुपयोगी ठरला. मधल्या काही वर्षांत आखूड कॉर्सेटे, पट्टे आणि झग्यातच शिवलेले आधार असे नाना प्रयोग झाले, आणि त्यांतून पुढे आले ते हे लांब, मऊ, सुती कॉर्सेट. वक्षासाठी त्रिकोणी कळ्या बसवलेल्या, नितंबांसाठी खालून तशाच कळ्या, आणि दोन्ही स्तनांच्या मधोमध एक लाकडी पट्टी, जिला ‘बस्क’ म्हणतात. साच्यात शरीर ओतण्याऐवजी शरीराच्या गोलाईला कापडात जागा करून देणे, हा शिवणकामातला फार मोठा पालट होता, आणि कंबर बारीक करणे हा त्याचा हेतूच नव्हता.

माझ्या कॉर्सेटचे बाहेरचे कापड पांढरे, सॅटीन विणीचे आणि सुती आहे. अस्तर लिननचे आहे. प्रत्येक स्तनाखाली दोन आणि प्रत्येक नितंबावर एक अशा कळ्या आहेत. वक्षाखालच्या भागात दोन कापडांच्या मधून बारीक सुती दोऱ्या भरून दोन्ही बाजूंनी धावदोऱ्याने बंद केल्या आहेत. हात फिरवला तर गोधडीवरच्या टाक्यांची आठवण होते, फक्त ओळी कितीतरी अधिक जवळजवळ आहेत. पट्ट्या अशा फारच थोड्या, म्हणजे पाठीवर नाडीच्या भोकांच्या दोन्ही बाजूंना आणि कुशीत एकेक, आणि त्याही कृत्रिम देवमासापट्टीच्या. बाकी सगळा ताठपणा या भरलेल्या दोऱ्यांचा आहे. कळीचे टोक, जेथे कापड सर्वांत आधी फाटते, तेथे काज करतात तशी दाट गुंफण केलेली आहे आणि सात महिन्यांत तेथे एकही धागा हललेला नाही.

लाकडी पट्टीबद्दल थोडे विस्ताराने लिहिते, कारण नव्याने हे वस्त्र घेणाऱ्या स्त्रियांना सर्वाधिक भीती तिचीच वाटते. ती सुमारे चार सेंटिमीटर रुंद असून समोरच्या खिशात सरकवायची असते आणि धुताना काढून ठेवता येते. तिचे काम दोन्ही स्तन वेगळे ठेवणे आणि समोरचे कापड घडी न पडता ताणून धरणे हे आहे. देवमासे पकडणाऱ्या जहाजांवरील खलाशी रिकाम्या वेळी देवमाशाच्या हाडावर अशा पट्ट्या कोरत आणि घरी परतल्यावर प्रेयसीला किंवा पत्नीला भेट देत. अशा कितीतरी कोरीव पट्ट्या आज संग्रहालयांत आहेत. माझी मात्र साधी, गुळगुळीत घासलेली आणि बिनकोरीव आहे. ती घातल्यावर पाठीतून वाकता येत नाही, खुब्यातून वाकावे लागते, आणि तासाभरात शरीर ते आपोआप शिकते. खाली पडलेला हातरुमाल उचलायला मी आता गुडघे वाकवून जाते. त्या काळच्या चित्रांतील स्त्रियांची बसण्या-उठण्याची ढब मला अशी हळूहळू उलगडत गेली.

आधाराविषयी सांगायचे, तर माझ्यासारख्या भरलेल्या अंगाच्या स्त्रीला हे वस्त्र आजच्या ब्रापेक्षा निश्चितच सुखाचे वाटले. ब्राचे बरेचसे वजन माझ्या खांद्यांवर येते, येथे ते बरगड्यांभोवती आणि संपूर्ण पाठीवर वाटले जाते. खांद्याचे पट्टे केवळ वरचा काठ जागेवर ठेवतात. वरच्या काठातून एक बारीक नाडी ओवलेली आहे, ती किंचित ओढून बांधली की कळीचा वरचा भाग अंगाला लागतो. वक्ष किती उंच ठेवावा हा मात्र ज्याच्या त्याच्या कालखंडाचा प्रश्न आहे. इंग्रज कादंबरीकार जेन ऑस्टेन यांनी सप्टेंबर १८१३ मध्ये लंडनहून आपल्या बहिणीला लिहिलेल्या पत्रात, नवी कॉर्सेटे वक्ष वर ढकलण्यासाठी मुळीच बनवली जात नाहीत ही बातमी मोठ्या गमतीने कळवली आहे आणि आधीची ती पद्धत अशोभनीय व अनैसर्गिक होती असा शेराही मारला आहे. माझ्या शिवणकर्तीने मला विचारले होते, १८०५ की १८१५. तेव्हा मला तो प्रश्न निव्वळ चोखंदळपणाचा वाटला होता, घालून पाहिल्यावर मात्र वाटेनासा झाला.

नाडी पाठीवर आहे आणि ती फुलीची नसून एकाच दोरीने मळसूत्रासारखी गोल गोल जाणारी आहे. त्यासाठी दोन्ही काठांवरची भोके समोरासमोर नसून किंचित वरखाली असतात. इंग्रज व्यंगचित्रकार जेम्स गिलरे यांच्या १८१० सालच्या एका चित्रात एक दासी मालकिणीच्या पाठीमागे उभी राहून नेमके हेच काम करताना दिसते. मला दासी नाही. सुरुवातीला माझ्या मैत्रिणीने नाडी बांधून दिली, नंतर मी एकटीच शिकले : नाडी सैल ओवून ठेवायची, कॉर्सेट डोक्यावरून अंगात घ्यायचे आणि मग हात मागे नेऊन वेढे खालून वर एकेक करून ओढत न्यायचे. यात सरावानंतरही मला दहा मिनिटे लागतात. ज्यांचे खांदे दुखतात त्यांनी मदतनीस असल्याशिवाय या प्रकाराच्या वाटेला जाऊ नये.

आता तक्रारी. पहिली तक्रार भोकांची. नाडीच्या भोकांभोवती सुबक हातटाके आहेत खरे, परंतु एका भोकाचा दोरा सैल झाला तेव्हा त्याखाली धातूची कडी दडवलेली दिसली. धातूच्या कड्या १८२० च्या दशकात आल्या. १८१० च्या कॉर्सेटमध्ये त्यांना जागा नाही. कडीने भोक अधिक टिकते हे मला मान्य आहे आणि विचारले असते तर मी कदाचित होकारही दिला असता, पण ‘संपूर्ण हातशिलाई, काळाला धरून’ असे लिहून पैसे घेतल्यावर हे आधी सांगायला हवे होते. पत्राने विचारणा केल्यावर त्यांनी चूक मान्य केली आणि भोके पुन्हा करून देण्याची तयारी दाखवली. टपालखर्च मात्र माझ्याकडे. दुसरी तक्रार लाकडी पट्टीच्या लांबीची : बसल्यावरचे माप काळजीपूर्वक घेऊनही ती बोटभर लांब आली आणि कमी उंचीच्या खुर्चीत बसले की खालचे टोक ओटीपोटात रुतू लागले. मी ती एका सुताराकडून कापून घेतली, आणि आता काही त्रास नाही. तिसरी, किरकोळ : सोबत आलेली नाडी आखूड होती.

खांद्याच्या पट्ट्यांविषयी माझे मत अजून पक्के झालेले नाही. ते समोर नाडीने बांधायचे असून बरेच बाहेरच्या बाजूला लावलेले आहेत, त्यामुळे संध्याकाळच्या रुंद गळ्याच्या झग्यातून ते डोकावत नाहीत हे उत्तम. पण नृत्यात हात वर नेला की काखेत कापड काचते. घामाने ओलसर झाल्यावर तर अधिकच. खालचा शमीज थोड्या उंच बाह्यांचा घेतल्यावर हा त्रास बराच कमी झाला. शमीज आवश्यकच आहे हे येथे मुद्दाम नोंदवते : कॉर्सेट क्वचितच धुतले जाई, वारंवार बदलून धुतला जाई तो त्याखालचा शमीज, आणि आपल्या घरात लहान मुलींना घालतात त्या शमीजचे नावही याच फ्रेंच वस्त्रावरून आलेले आहे.

किंमत कच्च्या नमुन्यासह ३४० पौंड पडली आणि सांगितलेल्या दहा आठवड्यांऐवजी पंधरा आठवडे लागले. त्याच शिवणकर्तीकडे याचे यंत्रावर शिवलेले रूप बरेच स्वस्तात मिळते, आणि ज्यांना वर्षातून एकदा, इंग्लंडमधील बाथ शहरात सप्टेंबरात निघणाऱ्या पोशाखी मिरवणुकीपुरतेच ते घालायचे आहे त्यांनी तेच घ्यावे. वरून झगा घातल्यावर फरक दिसत नाही. आखूड कॉर्सेटही त्या विकतात, पण ते सडपातळ स्त्रियांनाच मानवते असे माझे निरीक्षण आहे. लांब कॉर्सेट नितंबांच्या उंचवट्यावर टेकून राहते, आखुडाला तसा टेका नसल्याने दोन-तीन नृत्यांनंतर ते वर सरकते आणि त्याचा खालचा काठ पातळ मलमलीतून स्पष्ट दिसतो. मंडळातील दोघींनी आखूड घेतले होते. त्यांपैकी एकीने गेल्या महिन्यात माझ्याकडून मापांची यादी मागून नेली आहे, आणि मी तिला त्या यादीच्या वरच ठळक अक्षरांत लिहून दिले आहे की भोकांत कडी हवी की नको, हे आधी विचार.