कुरकुरीत भेंडी: कढई, तवा की एअर फ्रायर?

वरणभाताशी तोंडी लावायला कुरकुरीत भेंडी करायची, तर आधी एवढं ठरवा: खाणारी माणसं किती आणि ती पानावर कधी बसणार? चारपाच जण एकदम बसणार असतील तर कढईला तोड नाही. दोघांपुरती हवी तर तवा बरा. एअर फ्रायर घरात असेल तर जरूर वापरा, पण केवळ यासाठी विकत घेऊ नका.

पद्धत कुठलीही असो, भेंडी कोरडी ठणठणीत हवी. पाणी लागलं की तिचा चिकटपणा सुटतो, म्हणून अख्खी धुवायची, पुसायची, पंख्याखाली पसरायची आणि मगच सुरी लावायची. शेंडा बोटाने मोडून बघा. कट्‌कन तुटला तर कोवळी; नुसता वाकला तर निबर, ती कितीही तळलीत तरी तोंडात चोथाच राहणार.

कढईतली भेंडी उभी चार फोडी करून, जाड बिया काढून करावी. पाव किलोला दोन मोठे चमचे बेसन, एक मोठा चमचा तांदळाची पिठी, तिखट, हळद, आमचूर, थोडा ओवा. नुसत्या बेसनाची भेंडी चवीला छान लागते, पण निवली की मऊ पडते, कुरकुरीतपणा पिठीचा. पाणी घालायचं नाही. तेल तापल्यावरच मीठ घालून हलक्या हाताने चोळा, भेंडीच्या ओलाव्यावर पीठ धरतं. अगदीच सुटं राहिलं तर लिंबू पिळा. मीठ लावून अर्धा तास ठेवलीत तर हाती लगदा येईल.

तेल साधारण 175 अंशांवर हवं. पिठाचा कण टाकल्याबरोबर वर आला की समजा झालं. घाणे मात्र लहान काढा. भेंडीत जवळपास 90 टक्के पाणी असतं. सगळी एकदम सोडली की तेल थंड पडतं आणि भेंडी तेल पिते. बुडबुडे कमी झाले म्हणजे पाणी उडालं, तेव्हा काढा आणि चाळणीवर पसरा. कागदावर ढीग केला की खालची वाफेने नरमते, आणि मग दोष पाककृतीला. या पद्धतीचा खरा तोटा म्हणजे उरलेलं तेल: तळाशी पीठ करपतं, ते गाळून लवकर संपवावं लागतं.

दह्यातली कोशिंबीर करायची असेल तर पिठाच्या भानगडीत पडूच नका. पातळ गोल चकत्या तशाच तळून, वाढायच्या क्षणी दह्यात घाला.

तव्यावर माझी पसंती रव्याला, कोकण-गोव्यात मासे तळतात तशी. भेंडी उभी दोन भागांत चिरा, कोकमाचं आगळ, हळद, तिखट चोळा (आगळ खारट असतं, मीठ जपून), बारीक रवा आणि थोड्या पिठीत घोळवा आणि चिरलेली बाजू खाली ठेवून मध्यम आचेवर भाजा. झाकण अजिबात नको. आगळाच्या आंबटपणाने बुळबुळ कमी होते. बाहेरून खरपूस, आतून मऊ अशी ही भेंडी. चिवड्यासारखी कुरकुरीत होईल ही अपेक्षा ठेवू नका. तेल मात्र दोनतीन चमच्यांत भागतं आणि भेंडीची स्वतःची चव इथेच सर्वांत जास्त कळते.

एअर फ्रायरमध्ये 180 अंशांवर 12 ते 15 मिनिटं, मध्ये एकदोनदा हलवून. पीठ कमी घ्या आणि एक चमचा तेल आधीच नीट चोळा, नाहीतर कोरडं बेसन कच्चं लागतं. भांड्यात एकच थर मावतो, दाटीवाटी केली की भेंडी भाजण्याऐवजी उकडते. चव ठीक, थोडी कोरडी. परदेशातल्या बंद फ्लॅटमध्ये, तळणाचा धूर झाला की अलार्म कोकलतो, तिथे हाच मार्ग सोयीचा. मला त्याचा खरा उपयोग वाटतो तो कढईतली उरलेली भेंडी तीनचार मिनिटांत परत कडक करायला.

पाहुणे उशिरा येणार असतील तर भेंडी चिरून, मसाले मोजून तयार ठेवा आणि ते हात धुवायला उठले की घाणा सोडा. डब्यासाठी यातलं काहीच करू नका. झाकणाखाली तासाभरात सगळीच नरम पडतात, तिथे साधी परतलेली भेंडीच बरी.