रिसीव्हर नेमून मिळतो, पण अहवालावर आदेश कधी? दिवाणी कोर्टातल्या एका सोयीचे परीक्षण

वाटपाच्या दाव्यात उभा ऊस कोणी तोडायचा यावरून जुंपली की सोलापूर जिल्ह्यात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 40 खाली रिसीव्हरचा, म्हणजे दावा चालू असेतो वादातली मालमत्ता सांभाळायला कोर्टाने नेमायच्या माणसाचा, अर्ज पडतो. नेमणुकीपर्यंत ही सोय चांगली आहे. ताबा, पंचनामा, पिकाची नोंद, कारखान्याचे बिल कोर्टात जमा, एवढ्याने भाऊबंदांची हातघाई थांबते. इथवर पाचपैकी चार गुण. घोडं पेंड खातं ते रिसीव्हरच्या अहवालावर. तिथे एकच.

अहवाल दाखल होतो, निशाणी नंबर (फाईलमधल्या कागदाचा क्रमांक) पडतो, ‘पाहिले, दाखल’ असा शेरा होतो आणि कागद फाईलला लागतो. शेवटच्या परिच्छेदात ‘तोडणीस परवानगी मिळावी’ असे लिहिलेले असते, पण त्यावर आदेश मागणारा अर्ज कोणीच दिलेला नसतो. मग एक तारीख समोरच्याच्या म्हणण्यासाठी, दुसरी म्हणणे आले नाही म्हणून, तिसरी मुदतीच्या अर्जावर. ऑर्डर 40 मध्ये अहवाल अमुक दिवसांत निकाली काढा अशी मुदत नाही. पिकाला मात्र ती असते. गाळप साधारण ऑक्टोबर-नोव्हेंबरला सुरू होऊन मार्च-एप्रिलला आटोपते. फेब्रुवारीचा अहवाल एप्रिलअखेर ऐकला तर कारखाना बंद, उसाला तुरे, वजन घटलेले आणि खोडव्याचाही खेळखंडोबा. पुढे मेची सुट्टी, त्यात फक्त तातडीची कामे. तयार डाळिंब तर एवढेही थांबत नाही.

यावरचा खरा उपाय नेमणुकीच्या आदेशातच असतो. ऑर्डर 40 च्या नियम 1 खाली वसुली, व्यवस्थापन, जपणूक आणि उत्पन्नाचा विनियोग यांचे मालकासारखे अधिकार कोर्ट रिसीव्हरला देऊ शकते. तरीही अर्जात नुसते ‘रिसीव्हर नेमावा’ एवढेच लिहून मोकळे होतात. तयार पीक विकण्याची, तोडणी-वाहतूक आणि वीजबिल भागवण्याची मुभा आणि हिशेब कधी द्यायचा हे सगळे तिथेच मागा. वाद शेताऐवजी यंत्रमागाच्या शेडचा असेल तर वीजबिलाची मुभा फारच महत्त्वाची. कनेक्शन तुटले की माग गंजत पडतात.

नेमणूक आधीच झाली असेल तर अहवालासोबत एका पानाचा स्वतंत्र अर्ज द्या. कोणता आदेश हवा, कोणत्या तारखेच्या आत हवा, उशीर झाल्यास नेमके काय नासेल, एवढेच लिहा. उसाच्या नोंदीची पावती आणि शेताचे फोटो जोडा. प्रत समोरच्या वकिलांना आधीच देऊन सही घ्या, म्हणजे ‘प्रत मिळाली नाही’ म्हणून तारीख जात नाही. तारीख लांबची असेल तर प्रकरण बोर्डावर, म्हणजे लवकरच्या दिवसाच्या कामकाजाच्या यादीत, घेण्याचा अर्ज करा. ई-कोर्ट्स अ‍ॅपवर 16 अंकी-अक्षरी सीएनआर (प्रत्येक प्रकरणाचा स्वतंत्र क्रमांक) टाकून पुढची तारीख दिसते, पण अहवालाचे काय झाले हे कळायला रोजनामाच, म्हणजे तारखेनिहाय कामकाजाची कोर्टातली नोंद, वाचावा लागतो.

रिसीव्हरने हिशेब दिला नाही किंवा त्याच्या गंभीर हलगर्जीने नुकसान झाले, तर नियम 4 खाली त्याची मालमत्ता जप्त होऊ शकते. नियम 1 आणि 4 खालच्या आदेशांवर ऑर्डर 43 प्रमाणे अपीलही आहे. पण आदेशच झाला नसेल तर अपील कशावर करणार? अशा वेळी ‘अर्ज ठरावीक मुदतीत निकाली काढा’ एवढ्या मागणीपुरती संविधानाच्या अनुच्छेद 227 खालची (खालच्या कोर्टांवर देखरेखीच्या अधिकाराची) उच्च न्यायालयातली याचिका उरते. 18 ऑगस्ट 2025 पासून त्यासाठी सोलापूरकरांना मुंबईऐवजी मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जायचे आहे.