वाढीव मोबदला : प्राधिकरण की लवाद?

सक्तीने संपादित झालेल्या जमिनीचा मोबदला अपुरा वाटल्यास दाद कोठे मागायची, हे जमीन कोणत्या कायद्याखाली गेली यावर ठरते. शेतकऱ्याला येथे निवड नसते. २०१३ च्या भूसंपादन कायद्यात कलम ६४ नुसार जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज द्यावा लागतो आणि मोबदला ठरवणाऱ्या त्यांच्या निवाड्याच्या वेळी खातेदार हजर असल्यास त्यासाठी अवघे सहा आठवडे मिळतात. प्रकरण पुढे याच कायद्याखाली असे वाद ऐकणाऱ्या भूसंपादन प्राधिकरणाकडे जाते व त्याच्या निर्णयावर कलम ७४ खाली उच्च न्यायालयात अपील होते, जेथे बाजारभावाचा पुरावा नव्याने तपासून रक्कम वाढवता येते.

१९५६ च्या राष्ट्रीय महामार्ग कायद्याखाली मात्र केंद्र सरकारने नेमलेल्या लवादाकडे, म्हणजे बहुधा एखाद्या महसूल अधिकाऱ्याकडेच, जावे लागते. त्याच्या निवाड्याला १९९६ च्या लवाद कायद्यातील कलम ३४ खाली आव्हान देता येते; पण हे खरे अपील नव्हे, कारण न्यायालय निवाडा रद्द करू शकते, रक्कम स्वतः वाढवू शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये हकीम प्रकरणात स्पष्ट केले. २०२५ च्या घटनापीठाने निवाड्यातील फेरबदलाला मर्यादित वाव दिला, तरी महामार्गबाधिताची बाजू मला अजून दुबळीच वाटते.