बोलका स्पीकर चांगला आहे, पण घरात 'वसंतरावांचं लाव' म्हणणारं कुणी असेल तर आधी हे वाचा

आवाजाला पाचपैकी पाच, मराठी समजण्याला चार आणि माणसं ओळखण्याला दीड, म्हणून तीन स्टार देतोय. कंपनीचं नाव लिहीत नाही कारण चुलत भावाकडे दुसऱ्या कंपनीचा आहे आणि तो पण नेमका इथेच अडखळतो, म्हणजे ही सगळ्यांचीच खोड दिसतेय.

स्पीकर साधारण साडेचार हजाराचा, गाण्यांच्या ॲपचं फॅमिली सबस्क्रिप्शन वेगळं. घेतला बाबांसाठी. मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर त्यांना मोबाईलवर टाईप करायचा कंटाळा यायला लागला, म्हटलं तोंडाने सांगतील आणि वाजेल. आवाजाबद्दल तक्रारच नाही, डग्गा घुमतो पण फाटत नाही, जुन्या रेकॉर्डिंगमधली खरखर अंगावर येत नाही, आणि कुकरची शिट्टी चालू असताना किचनमधून आईने हाक मारली तरी त्याला ऐकू जातं (बाबांना जात नाही). मराठी पण बऱ्यापैकी कळतं, पावणेआठचा गजर, उद्याचा पाऊस, हे सगळं एका दमात.

घोळ होतो तो नावात. त्यातून आमच्या घरात वसंत नावाचा भरणा फार. एकेकाळी महाराष्ट्रात बारशाला दुसरं नाव सुचतच नसावं असं वाटतं, संगीतात वसंत, नाटकात वसंत, मंत्रालयात वसंत, इस्रोत वसंत, रणजीत वसंत, त्यामुळे कुठल्याही मराठी बोलणाऱ्या मशीनची परीक्षा घ्यायची तर हे एक नाव पुरे.

बाबा म्हणाले, वसंतरावांचं काहीतरी लाव. वाजलं काय तर 'ऐ मालिक तेरे बंदे हम'. आता गाणं थोरच, १९५७ च्या 'दो आँखें बारह हाथ'मधलं, पण ते संगीतकार वसंत देसाईंचं. बाबांना हवे होते गायक वसंतराव देशपांडे. मराठी माणूस 'वसंतरावांचं गाणं' म्हणाला की देशपांडेच, हे शेजारच्या पोराला पण कळतं, पण मशीन 'राव' गाळून टाकतं आणि नुसत्या 'वसंत'वर शोधतं. आपल्याकडे अर्धी ओळख त्या शेपटातच असते ना. राव, दादा, पंडित, डॉक्टर. तेच कापलं तर राहिलं काय?

त्यानंतर रांगेत आपोआप दुसरं गाणं लागलं, 'बुगडी माझी सांडली गं'. प्रार्थनेवरून थेट फडावर. आई हसून हसून बेजार. फोनवर ॲपमध्ये संगीतकार म्हणून नाव देसाईंचंच होतं, आणि हे मात्र मला खटकलं कारण बुगडी वसंत पवारांची. १९५९ चा 'सांगत्ये ऐका', गदिमांचे शब्द, आशाबाईंचा आवाज आणि चाल पवारांची. लावणीचा तो ठसका ज्यांनी बांधला ते १९६५ ला अकाली गेले, निदान नाव तरी त्यांचं राहू द्या की.

आणि तिसरे वसंत प्रभू. 'चाफा बोलेना', 'कळा ज्या लागल्या जीवा', 'गंगा यमुना डोळ्यात उभ्या का', म्हणजे कवी बी, तांबे, पी. सावळाराम यांचे शब्द, लताबाई आणि प्रभूंच्या चाली. हे ऐकून मोठ्या झालेल्या माणसाला प्रभूंची चाल दोन ओळींत ओळखू येते, साधी वाटते आणि गायला घेतली की फजिती होते. ते पण १९६७ लाच गेले. म्हणजे पन्नासच्या दशकात एकाच वेळी, एकाच मराठी सिनेमाच्या धंद्यात तीन संगीतकार वसंत, तिघांचा बाज वेगवेगळा, आणि ॲपला तिघे मिळून एकच. देसाईंचं पेज उघडलं तर त्यात प्रभूंची चार गाणी घुसलेली आणि प्रभूंचं पेज अर्धं रिकामं.

देसाई मात्र हिंदीमुळे बरे सापडतात. कुडाळकडच्या सोनवड्याचा माणूस, प्रभातमध्ये शिकला, शांतारामबापूंबरोबर राजकमलला गेला, १९५१ च्या 'अमर भूपाळी'त 'घनश्याम सुंदरा' दिलं, पुढे 'गुड्डी'मध्ये 'हमको मन की शक्ति देना'. देशभरच्या शाळांत सकाळी ज्या प्रार्थना होतात त्यातल्या दोन ह्या एकट्याच्या, विचार करा. १९७५ मध्ये लिफ्टच्या अपघातात गेले. बाबा हे सांगताना दर वेळी थांबतात म्हणून मी पुढचं गाणं लावायला सांगतो.

बरं, पूर्ण नाव घेतलं तर? 'वसंतराव देशपांडे' असं स्वच्छ म्हटलं की सापडतात, पण पहिल्या चार गाण्यांत दोन राहुल देशपांडेंची. २०२२ ला 'मी वसंतराव' सिनेमा आला, त्यात नातवाने आजोबांची भूमिका केली, गायला पण तोच, त्यामुळे नावाच्या शोधात तो वर येणारच. राहुल गातोच छान, तक्रार त्याच्याबद्दल नाही. पण ज्याने 'कट्यार काळजात घुसली'मधले खाँसाहेब स्टेजवर बघितलेत त्याला तो फिरत फिरत अचानक कुठेतरी उडी मारणारा मूळचा गळा हवा असतो, जो माणूस मिलिटरी अकाउंट्समध्ये खर्डेघाशी करून संध्याकाळी गायचा त्याचा. 'ओरिजिनल' हा शब्द जोडून बघितला तर कुठल्या तरी सिनेमाची ओरिजिनल साउंडट्रॅक लागली. 'बगळ्यांची माळ फुले' असं गाण्याचंच नाव घेतलं तेव्हा कुठे बाबांचा चेहरा खुलला.

एक जागा अशी की मशीनचं कौतुक करावं लागेल. आई म्हणाली, वसंत कानेटकरांचं लाव. आम्हाला वाटलं आता हे नाटककारासाठी कुठलं गाणं लावणार, तर लागलं 'गुंतता हृदय हे'. बाबा लगेच तोंड उघडणार, हे रामदास कामतांचं आणि संगीत अभिषेकींचं म्हणून, पण शब्द कानेटकरांचेच आहेत, 'मत्स्यगंधा' नाटक त्यांचं आणि त्यातली पदं पण त्यांची. इथे मशीन बरोबर निघालं. तसंच वसंत बापट म्हटल्यावर 'गगन सदन तेजोमय' लागलं, तेही बरोबर.

म्हणजे माहिती कुठेतरी आहे, पण सगळी एकाच खणात कोंबलीय. इंग्रजी पॉपमध्ये एक 'आर्टिस्ट' लिहिला की भागतं, आपल्याकडे गीत, संगीत, स्वर असे तीन वेगळे धनी असतात. आकाशवाणीवर निवेदक गाण्याआधी ही तीन नावं सांगायचा आणि त्याला काही सुपर कॉम्प्युटर लागत नव्हता. ॲपवर चढवताना कुणी गायकाचं नाव टाकलंय, कुणी संगीतकाराचं, कुणी तिघांची स्वल्पविराम देऊन, स्पेलिंग पण चार प्रकारची, आणि मग स्पीकर बिचारा त्यातून नाव हुडकतो.

ह्यातला सगळ्यात भारी गुंता वसंत अवसरे. जुन्या सिनेमांच्या गाण्यांत हे नाव येतं, कधी मागे डॉक्टर पण लावलेलं. बाबांनी मुद्दाम विचारलं, वसंत अवसरे कोण? उत्तर आलं, मराठी गीतकार, बास. अरे पण ते शांताबाई शेळके! शांताबाईंनी ह्या टोपणनावाने सिनेमाची गाणी लिहिली. भालजींच्या 'मराठा तितुका मेळवावा'मध्ये तर काही गाण्यांचे शब्द शांताबाईंचे आणि संगीतकार 'आनंदघन', जे लताबाईंचं टोपणनाव. इतक्या वसंतांच्या गर्दीत एक वसंत मुळात शांताबाई निघते, ही गंमत मशीनला माहीत असायला हवी होती. शांताबाईंच्या पेजवरून अवसऱ्यांकडे जायला रस्ताच नाही, दोघांना दोन कप्प्यात ठेवलंय.

गाणी सोडून साधे प्रश्न विचारले तर निकाल जरा बरा. भाचीच्या शाळेत मुख्यमंत्र्यांवर काहीतरी होतं, तिने विचारलं वसंतराव नाईक, तर व्यवस्थित सांगितलं, १९६३ ते १९७५, सलग अकरा वर्षांवर, पुसदजवळच्या गहुलीचे, १ जुलै हा त्यांचा वाढदिवस म्हणून कृषी दिन. मग तिने विचारलं वसंतदादा, तर परत नाईकच! सांगलीकराला हे ऐकवू नका. १९४३ ला सांगलीचा तुरुंग फोडून पळालेला माणूस, साखर कारखान्यांचं राजकारण ज्याने उभं केलं, त्र्याऐंशीनंतर विनाअनुदानित इंजिनिअरिंग कॉलेजं ज्याच्या काळात सुटली, तो वेगळा हो. 'वसंतदादा पाटील' असं पूर्ण म्हटलं तर येतं. तिसरे वसंत साठे, रंगीत टीव्हीवाले केंद्रीय मंत्री, ते मात्र पहिल्या फटक्यात आले.

वसंत गोवारीकर पण आले, आणि चांगले आले. रॉकेटचं घन इंधन, तिरुअनंतपुरमचं विक्रम साराभाई केंद्र, १९८८ पासून मान्सूनच्या अंदाजाचं ते सोळा घटकांचं मॉडेल, नंतर पुणे विद्यापीठाचे कुलगुरू, सगळं नीट सांगितलं. विज्ञानवाल्यांच्या नोंदी नीटनेटक्या असतात, कलावंतांच्या विस्कटलेल्या, असा माझा एकूण अंदाज झालाय.

वसंत शिंदे विचारल्यावर मात्र काय करणार. एक जुने विनोदी नट, ज्यांना नुसतं पडद्यावर येताना बघून थेटर हसायचं. दुसरे पुरातत्त्ववाले, डेक्कन कॉलेजचे, हरियाणात राखीगढीला उत्खनन केलं आणि तिथल्या सांगाड्याच्या डीएनएवरचा पेपर २०१९ ला गाजला ते. नाव, आडनाव सगळं सेम. बाबांना नट हवे होते, मशीन हडप्पा संस्कृतीवर चालू झालं, बाबा पण शांतपणे ऐकत बसले आणि शेवटी म्हणाले, हे उत्खननाला कधी गेले रे? इथे मी मशीनला माफ करतो, फक्त 'कुठले शिंदे, नट की संशोधक?' एवढं उलट विचारायला काय जातं त्याचं. ती सोयच नाही. स्वतःच ठरवतं आणि सुटतं.

क्रिकेटमध्ये वसंत रांजणे विचारले, पुण्याचे मध्यमगती बोलर, सात टेस्ट, माहिती बरोबर होती. वसंत रायजी पण सापडले, ज्यांनी २०२० मध्ये शंभरी गाठली आणि सचिन आणि स्टीव्ह वॉ त्यांना घरी भेटायला गेले होते. ते १९२० चे, वसंतराव देशपांडे १९२० चे, कानेटकर पण १९२० चे. त्या वर्षी काय हवा होती कोण जाणे.

आत्याचा प्रॉब्लेम उलटा झाला. तिला कथाकथन ऐकायचं होतं, ती 'वपु' म्हणाली आणि लगेच लागलं. मग कुणीतरी शहाणपणा केला की पूर्ण नाव घे, वसंत पुरुषोत्तम काळे, तर काहीच सापडेना. म्हणजे इथे टोपणनाव चालतं, खरं नाव चालत नाही. आणि वसंत सरवटे विचारले तर त्यांची व्यंगचित्रं आहेत म्हणाला पण हा बिनस्क्रीनचा स्पीकर, दाखवणार कुठे, फोनवर लिंक पाठवली. ठीक आहे, ते चालेल.

आता घेणाऱ्यांसाठी कामाचं. माणसाच्या नावाने मागू नका, गाण्याची पहिली ओळ सांगा आणि जोडीला गायक सांगा, दहापैकी नऊ वेळा बरोबर लागतं. मी फोनवर बसून बाबांसाठी 'देशपांडे', 'प्रभू', 'पवार' अशा आडनावांच्या वेगळ्या प्लेलिस्ट केल्यात, त्यांची नावं मुद्दाम वसंतशिवाय ठेवलीत, आता ते 'प्रभू लाव' म्हणतात. (एकदा भजन लागलं. पण ते चांगलं होतं म्हणून कुणी बोललं नाही.) सेटिंगमध्ये ऑटोप्ले बंद करा, नाहीतर रात्री उशिरा प्रार्थनेनंतर बुगडी सांडणारच. चुकीचं क्रेडिट दिसलं तर ॲपमध्ये तीन टिंबांवर दाबून 'चूक कळवा' असतं, मी पवारांच्या गाण्यांची कळवली, एक दुरुस्त झालं, बाकी तशीच आहेत, पण तुम्ही पण कळवा, जास्त जणांनी कळवलं तर हलतील.

ज्यांना नवी गाणी, बातम्या, गजर, मुलांच्या गोष्टी एवढंच हवंय त्यांनी डोळे मिटून घ्या, ह्या किमतीत आवाज छान आहे. ज्यांच्या घरी सत्तरीचे श्रोते आहेत त्यांनी पण घ्या, पण प्लेलिस्ट करून द्यायला एक रविवार काढा आणि सेल लागेपर्यंत थांबा, हजारभर रुपये सहज वाचतात. वायर फार आखूड आहे, एक्स्टेन्शन बोर्ड लागेल.