मेमरी लीक शोधायला हीपट्रॅक: बरेच महिने वापरल्यानंतरचा अनुभव

आमचं सॉफ्टवेअर सी++ आणि क्यूटीमध्ये (खिडक्या-बटणं बनवायची लायब्ररी) आहे, लिनक्स आणि विंडोज दोन्हीवर चालतं. लोक सकाळी ते उघडतात आणि शिफ्ट संपेपर्यंत बंद करत नाहीत. काही ठिकाणी तर मशीन रीस्टार्ट होईपर्यंत ते चालूच राहतं. म्हणून लीक, म्हणजे प्रोग्रॅमने मागून घेतलेली आणि परत न केलेली मेमरी, शोधायचं टूल निवडताना मी सगळ्यात आधी एकच गोष्ट बघतो: प्रोग्रॅम चालू असताना मेमरी कोणत्या कोडमुळे वाढतेय, हे ते टूल दाखवतं का? या एका निकषावर रोजच्या कामासाठी मी हीपट्रॅक या लिनक्सवरच्या टूलवर स्थिरावलोय आणि आता ते बदलावंसं वाटत नाही.

आधी बाकीच्यांबद्दल. व्हॅलग्रिंड हा तपासणीच्या टूलचा संच २००२ पासून आहे आणि त्यातलं मेमचेक आजही सगळ्यात बारकाईने तपासतं. प्रोग्रॅम संपताना ते हिशेब मांडतं: कोणता ब्लॉक नक्की हरवला, कोणता बहुधा हरवला, कोणत्या ब्लॉककडे अजून पॉइंटर (त्याचा पत्ता) शिल्लक आहे. कमांड लाइनच्या प्रोग्रॅमला हे उत्तम. पण प्रोग्रॅम वीस-तीस पट हळू चालतो आणि खिडक्या-बटणं असलेल्या सॉफ्टवेअरला ते झेपत नाही. मेनू उघडायला ताटकळावं लागतं, टायमर एकमेकांवर आदळतात, नेटवर्कचे टाइमआउट उडतात. मग जे चाललंय ते ग्राहकाकडे चालतं तसं राहतच नाही.

लीकसॅनिटायझर क्लँग आणि जीसीसी या दोन्ही कंपायलरमध्ये मिळतं आणि लिनक्सवर ॲड्रेससॅनिटायझर (मेमरीच्या चुकीच्या वापराची तपासणी) चालू केलं की सोबत आपोआप येतं. ॲड्रेससॅनिटायझरमुळे वेग साधारण निम्मा होतो, तेवढं चालतं. आमच्या सीआयमध्ये (आपोआप होणारं बिल्ड आणि टेस्टिंग) प्रत्येक बिल्डला ते लागतं आणि ते काढायचा विचारही नाही. सुरुवातीला फाँटकॉन्फिग आणि ग्राफिक्स ड्रायव्हरच्या लीकची भलीमोठी यादी येते, त्यासाठी सप्रेशन फाइल, म्हणजे कोणत्या तक्रारी दाखवायच्या नाहीत त्याची यादी, लिहावी लागते. ती लिहिताना घाई करू नका. लायब्ररीचं नाव टाकून सरसकट दाबलं, तर तुमच्या कोडने त्या लायब्ररीकडून मागितलेली आणि परत न केलेली मेमरीही त्याखाली दडते.

या दोन्ही टूलना लीक म्हणजे ज्याच्याकडे एकही पॉइंटर उरला नाही असा ब्लॉक. डेस्कटॉप सॉफ्टवेअरमध्ये मला जे लीक भेटतात त्यातले बहुतेक असे नसतातच. आमचंच उदाहरण घ्या. एक्सपोर्टचा डायलॉग दर वेळी न्यू करून बनत होता आणि त्याला पेरेंट, म्हणजे मालक, म्हणून मुख्य खिडकी दिलेली होती. डायलॉग बंद केला की तो फक्त लपायचा, डिलीट होत नसे. आत प्रीव्ह्यूची इमेज: १२०० बाय ९००, दर पिक्सेलला ४ बाइट, म्हणजे ४ एमबीच्या थोडं वर. दिवसभरात पन्नास वेळा एक्सपोर्ट केलं की दोनशे एमबी गेले. प्रोग्रॅम बंद करताना मात्र मुख्य खिडकी आपल्या सगळ्या चाइल्ड ऑब्जेक्टना रीतसर मोकळं करते. त्यामुळे व्हॅलग्रिंड म्हणणार काही हरवलं नाही, लीकसॅनिटायझर म्हणणार सगळं ठीक, आणि ग्राहकाचा फोन येणार की दुपारनंतर मशीन रखडतं.

हीपट्रॅकमध्ये हे दिसायला वेळ लागला नाही. टर्मिनलमध्ये हीपट्रॅक आणि पुढे आपल्या प्रोग्रॅमचं नाव, एवढंच लिहायचं. वेगळा बिल्ड लागत नाही, फक्त डीबग सिम्बॉल (फाइल आणि ओळ ओळखायची माहिती) हवेत. आम्ही ऑप्टिमायझेशन चालू ठेवून सिम्बॉलसकट बिल्ड करतो. डायलॉग दहा-बारा वेळा उघडला-मिटला, प्रोग्रॅम बंद केला आणि तयार झालेली फाइल त्याच्या जीयूआयमध्ये उघडली. ‘लीक्ड’चा आकडा जवळजवळ काहीच नव्हता, तो बघून थांबलो असतो तर काम तिथेच संपलं असतं. बघायचा असतो तो वेळेनुसार मेमरीचा आलेख. त्यात एकसारख्या पायऱ्या होत्या, दर एक्सपोर्टला एक, आणि एकही पायरी खाली उतरत नव्हती. ‘पीक’ या स्तंभावर क्रम लावला की वरच इमेजचं ॲलोकेशन (मेमरीची मागणी), त्याखाली बॅकट्रेस, म्हणजे तिथवर पोचलेल्या फंक्शनची साखळी, आणि त्यात आमच्याच फाइलचं नाव नि ओळ. बंद होताना डिलीट होण्याचा ॲट्रिब्यूट त्या डायलॉगला लावला आणि आलेख सपाट झाला.

एक युक्ती इथे उपयोगी पडते. चालू प्रोसेसचा पीआयडी (ओळख क्रमांक) देऊन हीपट्रॅक मधूनच जोडता येतं आणि प्रोग्रॅम चालू असतानाच सोडवताही येतं. तसं केलं की त्या क्षणी न सुटलेलं सगळं ‘लीक्ड’मध्ये मोजलं जातं, म्हणजे पेरेंटने शेवटी केलेली साफसफाई हिशेबात येतच नाही. जोडण्याआधीची ॲलोकेशन्स मात्र त्याला माहीत नसतात. शिवाय उबुंटूवर आधी पीट्रेसची (एका प्रोसेसने दुसरीत डोकावण्याची सोय) मर्यादा सैल करावी लागते. आणि हे जोडणं पूर्ण भरवशाचं नाही, कधी कधी प्रोग्रॅम तिथेच क्रॅश होतो. न सेव्ह केलेलं काम उघडं असताना हा प्रयोग नको.

मिलियान वोल्फ या केडीईच्या डेव्हलपरने २०१४ मध्ये हीपट्रॅक पहिल्यांदा लोकांसमोर आणलं. मॅसिफचे (व्हॅलग्रिंडमधलं मेमरी मोजणारं टूल) आलेख दाखवणारं मॅसिफ-व्हिज्युअलायझरही त्यांचंच. आलेख वाचायला इतका सोपा का, हे त्यावरून कळतं. त्यातला फ्लेम ग्राफ (कोणत्या फंक्शनने किती मेमरी घेतली याचं चित्र) सुंदर आहे, पण माझा जास्त वेळ ‘टेम्पररी’ या स्तंभात जातो: जी मेमरी मागितली आणि लगेच परत केली. लीकशी त्याचा संबंध नाही, तरी फाइल वाचणाऱ्या एका लूपमध्ये दर ओळीला होणाऱ्या स्ट्रिंगच्या फालतू कॉपी आम्हाला तिथेच सापडल्या.

खटकणाऱ्या गोष्टीही आहेत. लहान लहान ॲलोकेशन्सचा मारा करणारा प्रोग्रॅम तासभर चालवला की रेकॉर्डिंगची फाइल बरीच मोठी होते आणि जीयूआय ती उघडायला वेळ घेतं. म्हणून आम्ही दिवसभराचं रेकॉर्डिंग करत नाही, संशयास्पद क्रिया पुन्हा पुन्हा करून छोटं रेकॉर्डिंग करतो. तुम्ही स्वतःचा मेमरी पूल (मोठा तुकडा एकदाच घेऊन आतल्या आत वाटणारा कोड) लिहिला असेल, तर त्याच्या आत काय चाललंय ते दिसत नाही. थेट एममॅप केलेली (मॅलॉक टाळून सरळ सिस्टिमकडून घेतलेली) किंवा ग्राफिक्स कार्डवरची मेमरीही त्याच्या नजरेबाहेर.

या मर्यादेचा एकदा फायदाच झाला. सिस्टिम मॉनिटरमध्ये प्रोसेसची मेमरी चढत होती आणि हीपट्रॅकचा आलेख मात्र सपाट. म्हणजे आमचा कोड मेमरी परत करत होता, ती अडवून ठेवत होतं जीलिबसीचं (लिनक्सची मूळ सी लायब्ररी) मॅलॉक, म्हणजे मेमरी वाटणारा भाग. ते थ्रेडसाठी वेगवेगळे अरीना (मेमरीचे साठे) बनवतं, ६४ बिट मशीनवर कोअरच्या आठपट संख्येपर्यंत, आणि सुटलेली पानं सिस्टिमला लगेच देत नाही. अरीनांची संख्या कमी करणारा एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल लावला आणि वाढ थांबली. असा प्रकार, मुळात नसलेला लीक शोधायला लावून, आठवडा खाऊ शकतो. दोन आलेख शेजारी ठेवले की तो अर्ध्या तासात मिटतो.

विंडोजवर हीपट्रॅकचं रेकॉर्डिंग चालत नाही, आणि मायक्रोसॉफ्टच्या कंपायलरमधल्या ॲड्रेससॅनिटायझरमध्ये लीक शोधणं नाही. तिथे आम्ही व्हिज्युअल स्टुडिओचे हीप स्नॅपशॉट (त्या क्षणी घेतलेल्या मेमरीची नोंद) वापरतो: क्रियेआधी एक, क्रियेनंतर एक, आणि दोघांतला फरक. टेस्टिंगच्या मशीनवर व्हिज्युअल स्टुडिओ नसेल तर यूएमडीएच हे मायक्रोसॉफ्टचं कमांड लाइनचं टूल. त्याच्या सोबतच्या जीफ्लॅग्जने स्टॅक ट्रेस (बॅकट्रेसची नोंद) चालू करायचे, दोन नोंदी घ्यायच्या आणि त्यांची तुलना करायची. मजकूर रुक्ष असतो, पण विचार तोच, दोन क्षणांमधली वाढ. फक्त एक गोष्ट यातलं काहीच सांगत नाही. विंडोजवर एका प्रोसेसला डीफॉल्टने १०,००० जीडीआय ऑब्जेक्ट (विंडोजची चित्र काढायची साधनं) मिळतात. ब्रश, पेन, बिटमॅप सोडायचे राहिले की मेमरी भरपूर मोकळी असतानाही खिडक्या अर्धवट रंगायला लागतात. अशी तक्रार आली तर टास्क मॅनेजरच्या डीटेल्समध्ये जीडीआय ऑब्जेक्टचा स्तंभ चालू करा आणि तो आकडा प्रत्येक क्लिकला चढतोय का ते आधी बघा.