लाइटमॅटिका: काही महिने रोज वापरल्यावर

माइनक्राफ्ट या ब्लॉक रचून बांधायच्या गेममध्ये दुसऱ्याचं डिझाइन बघून बांधायचं म्हणजे व्हिडिओ थांबवत-थांबवत ब्लॉक मोजत बसायचं. ब्राउझरमधले थ्रीडी व्ह्यूअर त्यापेक्षा बरे. डिझाइनची फाइल टाकली की इमारत समोर उभी, माउसने हवी तशी फिरवा. डिझाइन आवडलं की नाही हे ठरवायला तेवढं पुरतं. बांधायला मात्र पुरत नाही. दर चार ब्लॉकनंतर गेम सोडून तिकडे डोकावावं लागतं.

लाइटमॅटिका हा जावा एडिशनचा (गेमच्या संगणकावरच्या एका आवृत्तीचा) मॉड, म्हणजे गेमला वरून लावायची जोड, तीच इमारत अर्धपारदर्शक रूपात थेट आपल्या जगात दाखवतो आणि आपण त्या छायेत खरे ब्लॉक ठेवत जातो. स्कीमॅटिका या जुन्या मॉडची कल्पनाही हीच होती, पण लाइटमॅटिकात सोयी बऱ्याच जास्त आहेत. सोबत मालिलिब हा सहायक मॉड टाकावा लागतो, त्याशिवाय तो चालत नाही.

माझ्या मते याचा खरा जीव लेअरमध्ये, म्हणजे इमारत थराथराने दाखवण्यात आहे. अख्खी छाया सुरू ठेवली तर मोठ्या बांधकामात नुसता गोंधळ दिसतो. एकच थर दाखवा, पेज अप दाबून वर सरका. किचकट डिझाइनही जमिनीवर आखलेल्या नकाशाइतकं सोपं होतं. रेडस्टोनच्या (गेममधल्या विजेसारख्या वस्तूच्या) यंत्रांना तर याला पर्याय नाही, कारण तिथलं सगळं महत्त्वाचं भिंतीच्या आतच असतं.

दुसरी मोठी सोय व्हेरिफायर, म्हणजे बांधलेलं डिझाइनशी ताडून बघणारा. चुकीचा ब्लॉक लाल दिसतो, जास्तीचा जांभळट गुलाबी, आणि ब्लॉक बरोबर पण त्याची स्थिती (दिशा किंवा सेटिंग) चुकलेली असेल तर नारिंगी. लाल चूक डोळ्यांनाही सापडते. पैसे वसूल होतात ते नारिंगीत (मॉड फुकट आहे, ही गोष्ट वेगळी). रिपीटरचा (रेडस्टोनचा सिग्नल उशिराने पुढे पाठवणाऱ्या ब्लॉकचा) विलंब चारऐवजी तीनवर राहिला तर यंत्र बंद पडतं आणि कारण नुसतं बघून कळत नाही.

साहित्याची यादी कामाची आहे, पण ती अंगावरचं सामान मोजते. गोदामातल्या पेट्यांमध्ये काय आहे ते आपणच बघायचं.

आता कुरकुर. मेन्यू पसरट आहे, शॉर्टकट भरमसाट. साधी काडी हातात घेतली की ती मॉडचं हत्यार बनते, हे आधी कोणी सांगितलं नसेल तर क्लिकचे परिणाम बघून चक्रावायला होतं. गेमची नवी आवृत्ती आली की मॉडची वाट बघा. २०१८ च्या १.१३ आवृत्तीत ब्लॉकच्या ओळखीचे आकडे जाऊन नावं आली, त्यामुळे त्याआधीच्या स्कीमॅटिक (डिझाइनच्या) फाइल उघडल्या तरी एखादा ब्लॉक भलताच निघू शकतो, तपासून घ्या.

इमारत साठवून पुन्हा उभी करणारा गेममधलाच स्ट्रक्चर ब्लॉक मॉडशिवाय चालतो, पण एका वेळी ४८ ब्लॉक लांबी-रुंदी-उंचीपर्यंतच. छोट्या घराला ठीक, किल्ल्याला तोकडा.

सर्व्हरवर खेळणाऱ्यांनी नियम आधी वाचावेत. नुसती छाया बघणं बहुतेक ठिकाणी चालतं, पण छायेतल्या जागी योग्य ब्लॉक आपोआप निवडून ठेवणारा मॉडचा ईझी प्लेस हा पर्याय अनेकांना खपत नाही. आणि जागा पक्की झाली की प्लेसमेंट (छायेची जागा) लगेच लॉक करा. अर्धं बांधकाम झाल्यावर छाया एका ब्लॉकने सरकली, तर व्हेरिफायर सगळीच इमारत चुकीची ठरवतो.