पालकांसाठीचे प्रशिक्षण: नऊ सत्रे, तीन गृहभेटी

आमच्या सात वर्षांच्या मुलाला मध्यम स्वरूपाची बौद्धिक अक्षमता आहे. निदानानंतर ज्या सेवा घेतल्या, त्यांतल्या बहुतेक ठिकाणी त्याला आत नेत आणि आम्हाला बाहेरच्या बाकावर बसवत. पाऊण तासाने दार उघडे, ‘आज छान केलं’ एवढे कळे आणि आठवड्याचे उरलेले सगळे तास पुन्हा आमच्याच अंगावर पडत. म्हणूनच, विकासात्मक विलंब किंवा अक्षमता असलेल्या दोन ते नऊ वर्षांच्या मुलांच्या पालकांसाठी जागतिक आरोग्य संघटनेने तयार केलेला प्रशिक्षण कार्यक्रम एका केंद्रात चालतो असे समजताच आम्ही नाव नोंदवले. यात नऊ गटसत्रे आणि तीन गृहभेटी असतात. तो चालवणारी व्यक्ती तज्ज्ञच असावी लागत नाही, प्रशिक्षित कार्यकर्ताही चालतो. याविषयी माझ्या मनात शंका होती, ती पहिल्याच गृहभेटीत फिटली.

प्रशिक्षिका अर्धा तास कोपऱ्यात बसून नुसत्या पाहत होत्या. मुलाने पाण्याच्या भांड्याकडे पाहिले की मी ते लगेच त्याच्या हातात देत होते. निघताना त्या म्हणाल्या, “ताई, त्याला मागायची वेळच तुम्ही येऊ देत नाही.” मला ते लागले, पण खरे होते. त्या दिवसापासून भांडे हातात धरून मी मनात पाचपर्यंत मोजू लागले, आणि पुढच्याच आठवड्यात त्याने माझे मनगट ओढून ‘पा’ म्हटले.

शर्टाच्या बटणांचेही असेच. आम्ही पहिल्या बटणापासून शिकवत होतो आणि दुसऱ्यापाशीच तो चिडत असे. प्रशिक्षिकेने क्रम उलटा केला: बाकीची बटणे आम्ही लावायची, शेवटचे काजात अर्धे सरकवून ठेवायचे आणि त्याने फक्त ओढून घ्यायचे, म्हणजे काम दर वेळी त्याच्याच हातून पूर्ण होते. पाच बटणांना चार महिने लागले, पण त्या चार महिन्यांत एकदाही रडारड झाली नाही.

पालकांच्या स्वतःच्या थकव्यालाही या कार्यक्रमात जागा आहे, आणि ती नावापुरती नाही. आमच्या गटातल्या एका आईने, मुलाचा राग येतो हे एका सत्रात पहिल्यांदाच कोणासमोर बोलून दाखवले. कोणी उपदेश केला नाही.

केंद्राच्या व्यवस्थेबद्दल मात्र माझी तक्रार आहे. सत्रे कामाच्या दिवशी सकाळी ठेवल्याने गटात केवळ आयाच होत्या, आणि घरी शिकवताना वडिलांची पद्धत एक व आमची दुसरी असा गोंधळ बरेच दिवस चालला. थोरल्या भावंडांशी कोणीच बोलले नाही. माझी मुलगी तिच्या वाट्याचा वेळ कुठे जातो हे मुकाट्याने पाहत असते, तिच्यासाठी एखादे सत्र हवेच होते. शेवटच्या भेटीनंतर साधी विचारपूसही झाली नाही. ‘आमच्यानंतर याचे कोण?’ हा प्रश्न या प्रशिक्षणाच्या कक्षेत येत नाही. कायदेशीर पालकत्व आणि पैशाची तरतूद यांसाठी वेगळा सल्ला घ्यावा लागतो.

मूल लहान असेल तर हे प्रशिक्षण जरूर घ्यावे. नाव नोंदवण्यापूर्वी सत्रांची वेळ विचारून घ्यावी, आणि दोघांना येणे जमत नसेल तर निदान गृहभेटीच्या तीन दिवशी तरी दोघांनी घरी राहावे.